बिनआवाजाचं रीळ

मुक्या फिल्मला आवाज घाला असं म्हणणाऱ्या माणसाशी माझं जन्माचं वाकडं आहे. नोकरीत होते तेव्हाही होतं, आता निवृत्त होऊन डहाणूजवळ सरावलीला राहायला आले तरी आहे. पुण्याला मी आयुष्यभर एकच काम केलं, जुन्या फिल्म जपायच्या. बाहेर मे महिना असला तरी थंड खोलीत स्वेटर घालून बसायचं आणि एकेक रीळ उलगडून बघायचं, कडेची भोकं कुठे फाटलीत, जोड कुठे सुटलाय, बुरशी कुठे धरलीय. लोकांना वाटतं या कामात सिनेमाच्या गप्पा असतील. गप्पा नसतात, वास असतो. जुनी फिल्म सडायला लागली की तिला व्हिनेगरचा आंबट वास येतो आणि तो केसांत जाऊन बसतो. माझी आई शेजारणींना सांगायची, लेक मोठ्या सरकारी नोकरीत आहे, पण घरी येते तेव्हा लोणच्याच्या कारखान्यातून आल्यासारखी वाटते.

माझं लहानपण डहाणूचंच. वडील रेल्वेत गार्ड होते, त्यामुळे कॉलनीतलं क्वार्टर, फलाटावरचे सगळे ओळखीचे आणि रजेच्या दिवशी वडिलांबरोबर कुठे कुठे हिंडणं, हे सगळं इथलं. परत आले ती आराम करायला, असं मी भेटेल त्याला सांगत होते. कुणी मनावर घेतलं नाही, आणि खरं सांगायचं तर मीही घेतलं नव्हतं.

आल्यावर पहिल्याच वर्षी गावातल्या एका शाळेने स्नेहसंमेलनाला पाहुणी म्हणून बोलावलं. भाषणं झाली, बक्षिसं झाली, मग तारपा नाच. तारपा म्हणजे दुधी भोपळ्याचं आणि बांबूचं लांबलचक वाद्य, ते वाजवणारा मध्ये आणि बाकीचे एकमेकांच्या कमरेत हात गुंफून त्याच्याभोवती. मी लहानपणी वडिलांच्या एका गँगमनकडे, तलासरीच्या बाजूला, तो नाच पाहिलेला. सगळं वेटोळं मिळून सरकतं, पाय जमीन सोडत नाहीत, बघता बघता आपलंही अंग डोलायला लागतं. आणि इथे स्टेजवर पोरं टुणटुण उड्या मारत होती. दर चार उड्यांनंतर उजवा हात झटक्यात कपाळाला लावून सलाम ठोकत होती. लोक हसत होते, टाळ्या वाजवत होते.

माझ्या शेजारी दुसऱ्या पाहुण्या बसल्या होत्या. तलासरीकडच्या एका शाळेतल्या शिक्षिका, स्वतः वारली. त्यांचा चेहरा दगडासारखा.

मी हळूच विचारलं, "हे यांना कुणी शिकवलं?"

"तुमच्या डहाणूच्या व्हिडिओनं," त्या म्हणाल्या. "आणि नुसतं ह्यांनाच नाही. माझ्या शाळेतली पोरंसुद्धा आता असंच नाचतात. घरी आजा वेगळं नाचतो, पोरं म्हणतात त्याला येत नाही."

मग त्यांनी फोन काढून तो व्हिडिओ दाखवला. पाच-सात मिनिटांचा, काळापांढरा, कसलंसं विनोदी संगीत लावलेला. शेतात माणसं नाचतायत, नाचतायत कसली, चावीच्या खेळण्यासारखी उडतायत. हा व्हिडिओ मी पाहिलेला नव्हता असं नाही. तो पाहिलेला नाही असा माणूस डहाणूत नाही. नगरपालिकेच्या कार्यक्रमात, गणपतीत, लग्नाच्या आदल्या दिवशी, सगळीकडे तो चालतो आणि सगळीकडे हशा पिकतो.

त्या दिवसापासून ती शिक्षिका मला ताई म्हणते आणि मी तिला बाई म्हणते. ती माझ्याहून बरीच लहान आहे, पण शिक्षिकेला बाई म्हणायची सवय सुटत नाही.

मूळ फिल्म माझ्याकडे चालत आली ती त्यानंतर दोनेक वर्षांनी, चिकूच्या खोक्यातून. घेऊन आले ते इथले एक मोठे चिकूवाले. त्यांच्या आजोबांची मोठी वाडी होती, शेतं होती आणि परदेशातून मागवलेला कॅमेरा होता. गोदाम आवरताना पत्र्याचे गंजके डबे निघाले, त्यातलाच एक त्या नाचाचा. हे गृहस्थ गावात बांधल्या जाणाऱ्या नव्या हॉलच्या कमिटीचे अध्यक्ष. माणूस वाईट नाही, हे मी आधीच सांगून टाकते, कारण पुढे मी त्यांच्याविषयी बरंच वाकडं बोलणार आहे. दरवर्षी चिकू पाठवतात, तेही निवडून.

"बेन," ते म्हणाले, "हॉलमध्ये मोठा पडदा लावणार आहोत. दादाजींची ही फिल्म तिथे रोज चालणार. शाळांच्या सहली येतील, टुरिस्ट येतील. तुम्ही फक्त साफसूफ करून द्या. जमलं तर कलर करा. आणि वर मस्त तारपाचं म्युझिक टाका."

"साफ करते," मी म्हटलं. "बाकीचं बघू."

एकदा त्या पडद्यावर जे लागेल तेच आता खरं धरलं जाणार, हे मला तेव्हाच दिसत होतं. पुढच्या पन्नास वर्षांच्या पोरांना तारपा नाच म्हटलं की तेच आठवणार. त्यामुळे मी डबा घेतला आणि घरातल्या जेवणाच्या टेबलाचा ताबा घेतला.

रीळ आंबलेलं होतं, पण वेळेत सापडलं. एकेक हात उलगडत, पुसत, फाटक्या भोकांना पट्ट्या लावत मी ते सरळ केलं, मग पुण्याला जाऊन जुन्या सहकाऱ्याच्या यंत्रावर एकेक चित्र टिपून आणलं. आता ती चित्रं कुठल्या वेगाने चालवायची एवढंच उरलं. चावीच्या कॅमेऱ्यात तेव्हा फिल्म वाचावी म्हणून सेकंदाला कमी चित्रं घेत. पुढे केव्हातरी गावातल्या लग्नाच्या शूटिंगवाल्याने हे रीळ बोलपटाच्या, म्हणजे जास्त वेगाने भिंतीवर पळवलं, ते दुसऱ्या कॅमेऱ्याने टिपलं आणि झाला व्हिडिओ. त्याचा काही दोष नाही. त्याला मशीनवर जे बटण होतं ते त्याने दाबलं.

पण बरोबर वेग कोणता हे डब्यावर लिहिलेलं नव्हतं. मला तो सापडला पाण्यात. फिल्मच्या सुरुवातीला एक बाई मडक्यातून पुरुषांच्या ओंजळीत पाणी ओतते. माणसांचं काही सांगता येत नाही, कुणी हळू चालतो, कुणी भरभर. पाणी मात्र वाडीवाल्याच्या हुकमाने पडत नाही आणि मुकादमाच्याही नाही. मी कॉम्प्युटर मागच्या पडवीत नेला, तांब्याने पाणी ओतायचं आणि पडद्यावरचं पाणी बघायचं, असं चालवलं. शेजारीण कुंपणावरून बराच वेळ बघत होती, शेवटी तिने विचारलं की नळाला काही झालंय का. पडद्यावरचं पाणी पाण्यासारखं पडायला लागलं तेव्हा मी तांब्या खाली ठेवला आणि पुढचा नाच बघायला घेतला.

हा व्हिडिओतला नाच नव्हता.

उड्या गेल्या होत्या. माणसं पाय ओढत होती. सावल्या पायांखाली होत्या, म्हणजे भर दुपार. तारपा नाच रात्रीचा, पण कॅमेऱ्याला ऊन लागतं, म्हणून यांना उन्हात उभं केलेलं. कुणी कॅमेऱ्याकडे बघत नव्हतं, सगळे त्याच्या डावीकडे कुणाकडे तरी बघत होते, आणि एका ठिकाणी जमिनीवर छत्रीची सावली मध्येच येऊन जाते, तिथे तो छत्रीवाला, बहुधा मुकादम, उभा असणार. कमरेतले हात सैल पडलेले. आणि तो सलाम, ज्यावर सगळं डहाणू हसतं आणि जो शाळेत पोरांना स्टेप म्हणून शिकवतात, तो सलाम नव्हताच. तो एक थकलेला माणूस मनगटाने कपाळावरचा घाम पुसत होता.

मला इतका राग आला की मी उठून चहा टाकला आणि तो न पिताच ओतून दिला. मग पुन्हा बसले. राग आला की मी पुन्हा बघते, कामाने लावलेली ही एक चांगली सवय.

दुसऱ्यांदा बघताना मी तारपावाल्याकडे बघितलं. मध्यम वयाचा, काटक, डोक्याला फडकं. बोटं नीट चालत होती. पण तारपा वाजवायचा म्हणजे फुंक तुटू द्यायची नसते. नाकाने श्वास घेत राहायचं आणि तोंडात भरलेल्या हवेने वाजवत राहायचं, त्यामुळे वाजवणाऱ्याचे गाल सुरू केल्यापासून संपेपर्यंत टम्म फुगलेले असतात. या माणसाचे गाल बसलेले होते. मी चित्र मोठं केलं. एकेक करून पुढे सरकवलं. नाच सुरू झाल्यापासून फिल्म संपेपर्यंत त्याचे गाल एकदाही फुगले नाहीत.

मी बाईला फोन केला आणि दुसऱ्या दिवशी कॉम्प्युटर पिशवीत घालून तलासरीच्या बसमध्ये बसले.

तिच्या घराच्या ओटीवर आम्ही बसलो. दुपारची वेळ, शाळेला सुट्टी. मी काही सांगितलं नाही, नुसती फिल्म लावली. नाच सुरू झाला तसं तिने हात वर केला.

"थांबवा. हे मागं काय आहे?"

शेतात मागे एक काळपट पट्टा होता. "सावली असेल," मी म्हटलं.

"सावली कशाची, झाड आहे का तिथं? राब भाजलाय, ताई."

मी रेल्वे कॉलनीतली, मला भात ताटातला माहीत. तिने समजावलं. भाताचं रोप टाकायच्या जागेवर पालापाचोळा, शेण, फांद्या पसरून उन्हाळ्यात जाळतात, तो राब. म्हणजे ही फिल्म ऐन उन्हाळ्यातली.

"बरं, मग?" मी विचारलं.

"मग तारपा कसा वाजेल? आमच्या पाड्यावर जुनी माणसं सांगायची, नवं भात आलं, देवाला दाखवलं, की मगच तारपा निघायचा. भात झोडून झालं की परत टांगून ठेवायचा. मधे हात लावायचा नाही." तिने पदराने पडद्यावरची धूळ पुसली. "आता वाजवतात. मंत्री आला तर वैशाखातही वाजवतात. मी नावं ठेवत नाही, पोट सगळ्यांना आहे. पण त्या वेळचा माणूस वाजवणार नाही."

"तो वाजवत नाहीच आहे," मी म्हटलं, आणि तिला गाल दाखवले.

ती पडद्याच्या इतकी जवळ गेली की मला काही दिसेना.  मग हसायला लागली. ते हसणं मी अजून विसरलेले नाही, त्यात रडणंही होतं.

"साहेबाला नाही म्हणता येत नव्हतं," ती म्हणाली. "देवालाही नाही म्हणता येत नव्हतं. म्हणून तोंडाला लावला आणि फुंकलाच नाही. आणि ह्या सगळ्यांना ते माहीत आहे. बघा की, एकाचा पाय दुसऱ्याशी मिळत नाही. वाजतच नाही तर मिळणार कसा?"

कॅमेरा धरणाऱ्याला, म्हणजे त्या वाडीवाल्याला, कळलं नसेल का? कळलं असेल. पण त्याचा कॅमेरा ऐकत नव्हता, नुसतं बघत होता, आणि बघायला तर सगळं हवं तसं होतं. तो गप्प राहिला असेल. हे सगळं मी कुणाला पुराव्याने सिद्ध करून देऊ शकत नाही, बाईही देऊ शकत नाही. गाल मात्र समोर आहेत.

"ताई," ती म्हणाली, "ह्याच्यावर आवाज घालणार आहेत ना?"

"मी असेपर्यंत नाही."

तिने मान हलवली. तिला जे म्हणायचं होतं ते मला कळलं होतं. त्या माणसाकडे होतं काय, डोक्यावरचं फडकं आणि तो तारपा. त्यातलं एक त्याने भर उन्हात, छत्रीवाल्यासमोर, कुणाला पत्ता लागू न देता राखलं. आता आपण स्पीकर लावून ते त्याच्या तोंडातून काढून घ्यायचं आणि त्याला वारसा म्हणायचं, हे मला जमणार नव्हतं.

अध्यक्षांना मी त्यांच्या वाडीत जाऊन फिल्म दाखवली. चिकूच्या झाडाखाली टेबल मांडलेलं, चहा, खारी. त्यांनी निम्म्यातच घड्याळ बघितलं.

"अरे बेन, हे किती स्लो आहे. तो जुना व्हिडिओ बघा, कसा मस्त. हे बघून लोक झोपतील."

"झोपू दे."

"आणि हे असं वाटतं की दादाजी जबरदस्ती नाचवतायत."

"हो, वाटतं."

त्यांचा चेहरा उतरला. मला त्यांचं वाईटही वाटलं, आजोबा कुणाचे झाले तरी आजोबाच. ते म्हणाले, "दादाजींनी या लोकांना फार सांभाळलं, बेन."

"सांभाळलं असेल. मी कुठे नाही म्हणते? पण या दिवशी उन्हात नाचवलं, ते तुमच्याच दादाजींनी काढून ठेवलंय, मी नाही काढलेलं."

मग मी त्यांना तारपावाल्याचे गाल दाखवायला गेले, पण त्यांनी कॉम्प्युटरचं झाकण सावकाश खाली केलं. ते काही त्यांनी बघितलं नाही. मी दोनदा प्रयत्न केला, त्यांनी दोनदा झाकण लावलं. म्हणाले, रीळ आमचं, हॉल आमचा, मुंबईत एक स्टुडिओ आहे, दोन दिवसांत म्युझिक टाकून देतो.

"टाका," मी म्हटलं. "मग उद्घाटनाच्या दिवशी मी दारात उभी राहीन आणि येणाऱ्या प्रत्येकाला सांगेन की हा आवाज खोटा आहे. माझा आवाज मोठा आहे, भाऊ. गाडी धडधडत जात असताना बोलायची सवय आहे आम्हा कॉलनीतल्यांना."

त्यांना हसू आलं. आठवड्याभराने त्यांचाच फोन, बेन, तुमचं राहू दे, फिल्मवर आवाज नाही घालत. वेगही तुमचाच ठेवू. मी खुळ्यासारखी खूश झाले आणि सगळं रीतसर त्यांच्या हवाली केलं.

चैत्रात, महालक्ष्मीच्या जत्रेच्या सुमाराला मी काही कामाने चारोटीला गेले होते. तिथे नाक्यावर, वडापावच्या गाडीच्या वर, हॉलच्या उद्घाटनाचा बॅनर. त्यावर अध्यक्षांचा हसरा फोटो आणि खाली मोठ्या अक्षरांत, ऐतिहासिक चित्रफीत, सोबत प्रत्यक्ष तारपावादन.

मी तिथूनच फोन लावला.

"पण बेन, फिल्मवर कुठे घातला आवाज?" ते अगदी निष्पापपणे म्हणाले. "माणूस बाजूला बसून वाजवणार. रेकॉर्ड करून घेऊ, मग रोज फिल्मबरोबर तेच लावू. तुम्हाला पाहिजे होतं तसंच झालं की."

मी फोन बंद केला.  घरी येऊन बाईला फोन केला. वाजवायला येणारा तिच्या ओळखीचाच निघाला, शेजारच्या पाड्यावरचा, चांगला वाजवणारा.

"तू सांग त्याला वाजवू नको म्हणून," मी म्हटलं.

"मी नाही सांगणार."

"मग मी सांगते."

"तुम्ही तर मुळीच नाही." तिचा आवाज चढला. "एकानं वाजव म्हणायचं, दुसऱ्यानं वाजवू नको म्हणायचं. त्याचं घर त्याच्यावर चालतं, ताई. त्याला फिल्म दाखवा आणि गप्प बसा."

ती म्हणाली ते बरोबर होतं, म्हणून मला जास्तच झोंबलं. पण तसंच केलं.

उद्घाटनाच्या दिवशी दुपारी मी हॉलच्या मागच्या खोलीत गेले. तारपावाला खुर्चीच्या कडेला बसला होता. पन्नाशीचा, कमिटीने दिलेलं नवं जाकीट घातलेला, तारपा कापडात गुंडाळून भिंतीला टेकवलेला. मी म्हटलं, तुम्हाला ज्याच्याबरोबर वाजवायचंय ती फिल्म बघून घ्या. मी लावली आणि तोंड मिटून बसले. माझ्या आयुष्यात मी इतका वेळ गप्प कधी बसले नसेन.

फिल्म संपल्यावर तो म्हणाला, "अजून एकदा."

पुन्हा लावली. मधेच त्याने विचारलं, "ह्याला पैसं दिलं व्हतं का?"

"माहीत नाही."

"मला देणार हायेत."

"हो," मी म्हटलं.

त्याने मान डोलावली आणि समोरचा चहा उचलला.  मी उठले. बाहेर येऊन अध्यक्षांना एकदा शेवटचं सांगून बघावं असं वाटलं, पण ते हार मोजण्यात गुंतले होते.

संध्याकाळी पाहुणे आले तेव्हा तारपावाला दारात उभा राहून वाजवत होता. गाल टम्म, आवाज रस्त्यापलीकडे जाईल असा. पाहुणे त्याच्याबरोबर फोटो काढत होते. मी आशा सोडली. राग त्याचा आला नाही, त्याने का म्हणून माझ्या मनासारखं वागावं? राग आला तो या गोष्टीचा की सत्तर-ऐंशी वर्षं डब्यात सुखरूप राहिलेलं काहीतरी मी बाहेर काढलं आणि आता ते आमच्यासमोर, टाळ्यांच्या गजरात जाणार होतं. बाईने गाडी करून तिच्या बाजूची माणसं आणली होती, शाळेतली पोरं, त्यांच्या आया, दोन-चार म्हाताऱ्या. त्यांना मागच्या रांगा दिलेल्या. मी जाऊन बाईच्या शेजारी बसले. तिने माझा हात धरला.

भाषणं झाली. दिवे मालवले. पडद्यावर पाणी पडलं, ओंजळी भरल्या, मग नाच सुरू झाला. स्टेजच्या कडेला एका लहानशा दिव्याखाली तारपावाला उभा होता, समोर माइक. त्याने तारपा तोंडाला लावला. बोटं चालायला लागली. पाय हलायला लागले.

आवाज आला नाही.

पहिल्या रांगेत अध्यक्षांनी मान वळवून साऊंडवाल्याकडे बघितलं. साऊंडवाल्याने बटणं वर-खाली केली. काही नाही. तो वाकून स्टेजवर आला, माइकवर टिचकी मारली. टकटक असा मोठा आवाज सगळ्या हॉलमध्ये घुमला. त्याने समाधानाने मान हलवली, परत गेला, पुन्हा शांतता. मग अध्यक्ष स्वतः उठले. वायर ओढून बघितली. दुसरा माइक मागवला. दारात हाच तारपा माइकशिवाय रस्त्यापलीकडे ऐकू जात होता, हे कुणाच्या ध्यानात आलं नाही. तो लावेपर्यंत तिसरा कुणीतरी येऊन स्पीकरमागे शिरला. आणि या सगळ्या धावपळीच्या मधोमध तारपावाला तारपा तोंडाला लावून, बोटं चालवत, शांतपणे एक पाऊल पुढे एक पाऊल मागे करत होता. त्याचे गाल बसलेले होते.

मागच्या रांगांना ते आधी कळलं. एक म्हातारी खुसखुसली. मग तिच्या शेजारची. बाईने तोंडावर पदर धरला. पोरं आयांना विचारत होती, आया त्यांच्या कानात काही सांगत होत्या, आणि ते कुजबुजणं रांगेतून रांगेत जात होतं. पुढच्या रांगेतले लोक वळून बघत होते की मागे एवढं काय आहे. पडद्यावर त्या माणसाने कपाळावरचा घाम पुसला. त्यावर कुणी हसलं नाही. एरवी सगळं डहाणू हसतं तिथे हॉलमध्ये नुसते पंखे ऐकू येत होते. मी रडत होते, आणि मला त्याची जराही लाज वाटत नव्हती.

फिल्म संपली. दिवे लागले. तारपावाल्याने तारपा खाली घेतला, कापडात गुंडाळला, सगळ्यांना नमस्कार केला. अध्यक्षांनी साऊंडवाल्याला तिथेच झापलं, तारपावाल्याची दोन्ही हात धरून माफी मागितली आणि पाकीट त्याच्या हातात दिलं. त्याने ते कपाळाला लावून खिशात टाकलं आणि बाईच्या गाडीत जाऊन बसला.

मी निघाले तशी अध्यक्षांनी मला दारात गाठलं. घामाघूम झालेले, हातात अजून तो दुसरा माइक.

"सॉरी बेन, मशीननेच दगा दिला. रेकॉर्डिंगमध्ये काही आलंच नाही. आता सध्या फिल्म मुकीच चालू दे. पण त्याला पुन्हा बोलावतो, आणि या वेळी मुंबईहून चांगला माइक आणतो."

"आणा," मी म्हटलं.